कशावर आपटलात?

रत्नाळीकर डॉक्टरांकडे मोडकं हाड घेऊन गेलेल्या माणसाला पहिला प्रश्न हाडाबद्दल विचारला जायचा नाही. माणूस स्ट्रेचरवर विव्हळत असायचा, बरोबरची मंडळी हात जोडून उभी असायची, आणि डॉक्टर इंजेक्शन देता देता त्याच्या कानाशी वाकून शांतपणे विचारायचे, "कशावर आपटलात?"

"मोटारसायकलवरून पडलो, साहेब."

"ते कळलं. गुडघा कशावर आपटला?"

"रोडावर."

"रोडावर आपटलेला गुडघा असा फुटत न्हाई. आठवा जरा."

आता ज्याचा गुडघा फुटलाय त्याने काय काय आठवायचं? पण डॉक्टर सोडत नसत. पाय बांधून झाला, कळ जरा उतरली, की पुन्हा तेच. शेवटी तो बिचारा आठवून आठवून सांगायचा, की पुढे उसाची ट्रॉली उभी होती, मागे दिवा नव्हता, आणि गुडघा तिच्या मागच्या लोखंडी पट्टीवर बसला. हे ऐकून डॉक्टरांचा चेहरा असा खुलायचा की नातेवाइकांना वाटावं, चला, पेशंट वाचला. खरं तर डॉक्टरांना त्यांच्या वहीत लिहायला गाडीचा एक भाग मिळालेला असायचा.

ही वही म्हणजे लांबट, लाल कापडी पुठ्ठ्याचं एक बाड होतं. त्यात पेशंटचं नाव नसायचं. एका बाजूला माणसाचं हाड आणि समोर गाडीचा भाग. मांडीचं हाड, जीपच्या मागच्या बाकाची कड. जबडा, एस्टीच्या पुढच्या सीटचा दांडा. बरगड्या, स्टिअरिंग. पानंच्या पानं अशी भरलेली. कुणी चाळली असती तर हा डॉक्टर माणसं दुरुस्त करतो की गाड्या, हे त्याला सांगता आलं नसतं.

मी ह्या वहीत शिरलो तो डाव्या मनगटाने. मी लातूरच्या एका शाळेत चित्रकला शिकवायचो. लुनावरून पडलो आणि डॉक्टरांच्या पुढ्यात जाऊन बसलो. नेहमीचा प्रश्न आला. तोंडाने सांगणं जमेना, म्हणून मी उजव्या हाताने एक्स-रेच्या पाकिटावर चित्रच काढलं : लुनाचं हँडल, ब्रेकची मूठ आणि तिच्यात अडकलेला माझा पंजा. डॉक्टर ते चित्र बराच वेळ बघत राहिले. माझ्या मनगटाकडे त्यांनी इतका वेळ पाहिलं नव्हतं.

"सर," ते म्हणाले, "रविवारी काय करून राहिलात?"

त्यानंतर कित्येक वर्षं माझे रविवार माझे राहिले नाहीत. आमची ही म्हणायची, "लोकांचे नवरे रविवारी मटण आणायला जातात, आमचे मोडक्या गाड्या बघायला." पोलीस ठाण्याच्या मागच्या अंगणात अपघातातल्या गाड्या गंजत पडलेल्या असत. डॉक्टर तिथे उकिडवे बसायचे. बुटका, काळासावळा माणूस, अर्ध्या बाह्यांचा पांढरा शर्ट, खिशात मोजायची टेप आणि सुतारासारखे रुंद तळवे. एखाद्या जीपच्या कडेवरून ते बोट फिरवायचे आणि एका जागी थांबायचे. तिथे रंग उडालेला असायचा, कधी केस चिकटलेले असायचे. "इथं बगा सर. ही कड नुसती गोल केली असती तर..." असं म्हणायचे आणि वाक्य तिथेच सोडून द्यायचे. ते 'तर' मी इतक्यांदा ऐकलंय, की अजूनही कोणतीही टोकदार कड दिसली की मला ते ऐकू येतं. मी चित्र काढायचो, ते मापं सांगायचे आणि दुपारी आम्ही घरी जायचो.

गावाने त्यांना हेल्मेट डॉक्टर करून टाकलं होतं, कारण ते डोक्यावरून उतरायचंच नाही. स्कूटरवर तर असायचंच, पण रिक्षात बसले तरी असायचं. एका लग्नाच्या वऱ्हाडात जीपमध्ये, नवरदेवाच्या शेजारी, ते हेल्मेट घालून बसल्याचा फोटो आहे. नवरदेवाच्या मुंडावळ्या आणि डॉक्टरांचं हेल्मेट, दोघेही तितकेच गंभीर. एकदा तर औशाचा एक शेतकरी चक्क ट्रॅक्टर घेऊन दवाखान्याच्या दारात आला. त्याला कुणीतरी सांगितलं होतं, की लातुरात गाड्यांचा एक मोठा डॉक्टर आहे. कंपाउंडर त्याला हाकलायला निघाला, तर डॉक्टर ओपीडी सोडून बाहेर आले, ट्रॅक्टरच्या सीटवर चढून बसले आणि त्याला म्हणाले, "मडगार्डवर माणसं बसवता का?"

"हाव. बायकू बसती की."

"कशाला धरती?"

तो विचारात पडला. "मलाच धरती."

डॉक्टरांनी त्याला तिथल्या तिथे वेल्डिंगवाल्या याकूबभाईंकडे पाठवलं आणि मडगार्डला धरायची कडी लावून घ्यायला लावली. इंजिनात काय बिघाड होता तो तसाच राहिला.

हे वेड कुठून आलं, ते त्यांनी मला एकदाच सांगितलं. आम्ही औसा रस्त्याने एक उलटलेली जीप बघायला चाललो होतो. भूकंप झाला तेव्हा डॉक्टर नांदेडहून बदली होऊन नुकतेच लातुरात आले होते. किल्लारीकडून माणसं येतच होती, व्हरांड्यात, पायऱ्यांवर, झाडाखाली, आणि डॉक्टर दिवसचे दिवस हाडं जुळवत होते.

"त्या वक्ताला लई मोठी मोठी माणसं आली, सर," ते म्हणाले. "शास्त्रज्ञ आले, इंजिनिअर आले. सगळ्यांनी एकच विचारलं, माणसं कशाखाली मेली? मातीत रचलेल्या दगडाच्या भिंती, वर धाब्याचं वजन. मग ठरलं, पुढं घर असं बांधायचं न्हाई. कुणी असं मनलं न्हाई की तो माणूस नीट झोपला नव्हता मनून मेला. आन् गाडीत मेला की? ड्रायव्हरची चूक, न्हाई तर नशीब. गाडीला कुणी काही विचारतच न्हाई."

ढिगाऱ्यातून काढलेली एक बाई त्यांच्याकडे होती, घरातली एकटीच उरलेली. तिचा पाय त्यांनी महिनोन्महिने खपून उभा केला होता. ती चालायला लागली, सगळ्या वॉर्डाने टाळ्या वाजवल्या आणि एका सकाळी ती काळ्या-पिवळ्या जीपमध्ये बसून निघाली. दुपारी तीच बाई परत आली. औशाच्या अलीकडे जीप कलंडली होती. हातात घेण्यासारखं काही उरलं नव्हतं. ती कशावर आपटली, हे त्यांनी बरोबरच्या प्रत्येकाला विचारलं. कुणालाच माहीत नव्हतं. म्हणून ते स्वतः जाऊन जीप बघून आले. मागच्या झडपेला एक लोखंडी आकडा होता, बोटभर. वहीतली पहिली नोंद त्या आकड्याची आहे.

ह्या वहीच्या जोरावर त्यांनी गाड्या बनवणाऱ्या कंपन्यांना पत्रं लिहिली. माझी चित्रं जोडलेली, मापांसकट. बहुतेकांचं उत्तर आलं नाही. एका कंपनीचं आलं, ते नव्या मॉडेलचं गुळगुळीत पुस्तक होतं, आभाराच्या चिठ्ठीसह. डॉक्टरांनी त्यातल्या गाडीच्या कडा भिंगातून तपासल्या. मग ते कचेऱ्यांत जायला लागले. साहेब लोक चहा पाजायचे, वही उलटसुलट करायचे आणि म्हणायचे, "डॉक्टर, तुम्ही आपली हाडं बघा ना." डॉक्टर चहाचा कप खाली ठेवायचे, वही काखेत मारायचे आणि परत यायचे. मला त्या साहेबांचा राग यायचा. डॉक्टरांना कधी आलेला मी पाहिला नाही, आणि ह्याचाही मला राग यायचा.

तेवढ्यात लातुरात क्लासेसचं पीक आलं. उदगीर, औसा, जळकोट, कुठकुठून पोरं येऊन खोल्या घेऊन राहायला लागली. सगळ्यांना डॉक्टर नाही तर इंजिनिअर व्हायचं होतं आणि सगळ्यांचे क्लास एकाच वेळी भरायचे. मग रिक्षावाल्यांनी आपल्या सीटच्या मागे एक आडवी फळी ठोकली. मागच्या सीटवर तिघं-चौघं, त्यांच्या समोर फळीवर तिघं-चौघं, मांडीवर दप्तरं आणि दोन्ही बाजू सताड उघड्या. रिक्षा वळली की फळीच्या टोकावरचं पोर बाहेर. डॉक्टरांच्या वहीत एकाच वर्षात 'फळीचं टोक' इतक्यांदा आलं, की शेवटी ते नुसतं 'फळी' असं लिहायला लागले.

फळी काढायला सांगून कुणी काढणार नव्हतं, हे डॉक्टरांना पक्कं ठाऊक होतं. "मग पोरगं पडणारच न्हाई असं काहीतरी करू," ते म्हणाले. आम्ही तिघं कामाला लागलो. मी चित्र काढायचो, डॉक्टर मापं घ्यायचे आणि गंजगोलाईच्या बाजारापलीकडे ज्यांचं वेल्डिंगचं दुकान होतं ते याकूबभाई लोखंड वाकवायचे. दोन्ही उघड्या बाजूंना, बसलेल्या पोरांच्या कमरेच्या उंचीवर आडवा दांडा, उजवीकडे पक्का, चढायच्या बाजूला बिजागरीवर उघडणारा. पहिला दांडा तयार झाला तेव्हा डॉक्टरांनी त्याच्यावर हात फिरवला आणि मान हलवली. नुसतं लोखंड चालणार नव्हतं, उद्या कुणाची बरगडी त्याच्यावरच आपटेल. मग दांडा जाड केला, गोल केला, त्यावर स्पंज गुंडाळला आणि वरून रेक्झिन शिवलं.

याकूबभाईंनी तो अंगठ्याने दाबून पाहिला. "डॉक्टरसाब, लई आरामाचा झाला हो ह्यो," ते हसून म्हणाले. आम्हीही हसलो.

आणि काय सांगू, दांडा चालला! रिक्षावाले आपणहून याकूबभाईंच्या दारात रांग लावायला लागले. इतर वेल्डरही तसेच दांडे बनवायला लागले. डॉक्टरांना मी त्या महिन्यांइतकं खूश कधी पाहिलं नाही. संध्याकाळी ते चौकात उभे राहायचे आणि दांडेवाल्या रिक्षा जाताना बघायचे, लेकीला सासरी नांदताना बघावं तसे.

माझी शुभदा त्या वर्षी बारावीला होती. तिच्याही रिक्षाला दांडा होता, त्यामुळे मी निर्धास्त होतो. एक दिवस चहा पिताना ती सहज म्हणाली, "बाबा, आता आमच्या रिक्षात दोघी जणी जास्त बसतात. दांड्यावर. मऊ असतो ना, टोचत नाही."

मी काय केलं? हसलो, आणि म्हणालो, नीट धरून बसा. तेव्हाच उठून मी डॉक्टरांकडे जायला हवं होतं. दवाखाना काही लांब नव्हता. पण ते इतके आनंदात होते, की माझा पाय निघाला नाही. आज सांगतो, उद्या सांगतो करत मी महिना घालवला. ह्याची मला आजही लाज वाटते.

क्लासची टेस्ट रविवारी असायची. अशाच एका रविवारी सकाळी मी दवाखान्यात डॉक्टरांची वाट बघत बसलो होतो, चित्रवही आणि पेन्सिल घेऊन. एका मुलीला उचलून आणलं. उजव्या कोपराचा चुरा झाला होता. ती जळकोटची, वैष्णवी नावाची, खोली करून राहणारी. हातावरचं रक्त बघून घाबरण्याऐवजी ती सारखी म्हणत होती, "सर, माझी टेस्ट हाय ओ." डॉक्टरांनी इंजेक्शन दिलं, हात बांधला आणि सवयीने वाकले.

"कशावर आपटलीस बाळ?"

"रोडावर."

"रोडावर कशी आपटशील? रिक्षाला दांडा न्हवता?"

"होता की सर," ती म्हणाली. "दांड्यावरच बसले होते."

डॉक्टर वाकलेले होते ते तसेच राहिले. मग सरळ झाले, माझ्याकडे बघितलं आणि पुन्हा तिच्याकडे. नर्सने दोनदा हाक मारल्यावर ते ऑपरेशनला गेले. दुपारी जळकोटहून तिचे वडील आले. साधा माणूस, कापडाच्या दुकानात कामाला. "साहेब, हात वापस येईल ना? तिला तुमच्यासारखं डॉक्टर व्हायचंय," ते म्हणाले. हात वाचला, पण तो कोपर पुढे कधी पुरता वाकला नाही. ते डॉक्टरांना तेव्हाच कळलं असणार.

त्या दिवशी वहीत त्यांनी लिहिलं : उजवा कोपर, आपला दांडा.

मी तेव्हा सांगून टाकलं. मला माहीत होतं, शुभदाने सांगितलं होतं, सगळं. वाटलं, ते आता माझ्यावर ओरडतील. तसं झालं असतं तर बरं झालं असतं. त्यांनी फक्त विचारलं, "शुभदा कुठं बसती?"

"मागच्या सीटवर."

"बरं," ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी दुपारी क्लास सुटायच्या वेळी ते लोखंड कापायची करवत घेऊन चौकात गेले. डोक्यावर हेल्मेट होतंच. पहिल्या रिक्षावाल्याने मान राखून दांडा कापू दिला. दुसऱ्याने हात धरला. "डॉक्टरसाब, माझ्या आईचा पाय तुमी नीट केला, तुमाला न्हाई कसं मनू? पर दोन सीट जातेत माझे." गर्दी जमली. पोरांना न्यायला आलेला एक पालक चिडून पुढे आला. "कामून कापून राहिले तुम्ही? दांडा हाय मनून तर पोरं पडत न्हाईत!" आणि तेही खोटं नव्हतं. फळीवरची पोरं खरंच पडायची थांबली होती. डॉक्टर करवत हातात धरून मधोमध उभे राहिले. कापावा तर फळीवरचं पोर जाणार, ठेवावा तर दांड्यावरचं. मी रस्त्याच्या पलीकडे सायकल धरून उभा होतो. मी जाऊन त्यांच्या खांद्यावर हात ठेवू शकलो असतो, पण गेलो नाही. शेवटी याकूबभाई आले, त्यांच्या हातातली करवत काढून घेतली आणि त्यांना दुकानात नेऊन बसवलं.

"वरून टोकं मारून देऊ का, डॉक्टरसाब?" याकूबभाईंनी विचारलं. "खिळ्यावानी. कुनी बसनारच न्हाई."

डॉक्टरांनी खरंच विचार केला. "झटका बसला तर आतलं पोरगं त्याच खिळ्यावर जाईल," ते म्हणाले आणि चहा तसाच ठेवून उठले. पुढे कित्येक रविवारी आम्ही बसून बघितलं. उतरता दांडा, पातळ दांडा, दोन दांडे. प्रत्येकावर पोरं कशी बसतील ते मला आधी चित्र काढताना दिसायचं आणि मग त्यांना. हळूहळू रविवार मोकळे झाले. डॉक्टर निवृत्त होऊन नांदेडला आपल्या घरी गेले. वही सोबत नेली की नाही, मला माहीत नाही. मी विचारलं नाही.

गेल्या वर्षी शुभदाच्या मुलीला, सईला, क्लाससाठी नांदेडला खोली करून दिली. सामान लावायला मी गेलो होतो. सकाळी तिची रिक्षा गल्लीत येऊन थांबली. तीच फळी. तोच दांडा, रेक्झिन फाटून स्पंज बाहेर आलेला. आणि फळीच्या अगदी टोकाला, उघड्या बाजूला, पोरांच्या दप्तरांत गुडघे पोटाशी घेऊन एक म्हातारा बसलेला, डोक्यावर हेल्मेट. रुंद तळवा असा पसरून दांड्यावर ठेवलेला, की तिथे कुणाला बसायला जागाच राहू नये.

"डॉक्टर?"

त्यांनी डोळे बारीक केले. "ड्रॉइंगचे सर! ही तुमची?"

"नात."

"आत जा बाई. मागच्या सीटवर, मधी." त्यांनी गुडघे आणखी आवळून सईला वाट दिली.

रिक्षावाला मला म्हणाला, "काका रोज येतेत. क्लासपर्यंत जातेत आन् वापस येतेत. तिथून उठतच न्हाईत. काम काय न्हाई ना त्यांना."

"डॉक्टर, ह्या वयात? तुम्ही पडलात म्हणजे?"

"मी बसलोय मनजे इथं दुसरं कुणी बसत न्हाई," ते म्हणाले.

"आणि बाकीच्या रिक्षा?" मी बोलून गेलो, आणि लगेच वाटलं, हे विचारायला नको होतं.

ते हसले. थकलेले दिसले. "एका वक्ताला एकाच रिक्षात बसता येतं, सर."

रिक्षा निघाली. वळणावर त्यांनी दुसरा हातही उघड्या बाजूवर आडवा धरला. ते पांढरं हेल्मेट कोपऱ्यापर्यंत दिसत राहिलं, मग दिसेनासं झालं. मी तिथेच उभा होतो. मागून आणखी तीन रिक्षा आल्या, पोरांनी गच्च भरलेल्या, दोन्ही बाजूंच्या दांड्यांवरही पोरं. शेवटच्या रिक्षातल्या मुलीला मी कुणाचा तरी आजोबा वाटलो असेन. दांड्यावर बसल्या बसल्या तिने माझ्याकडे बघून हात हलवला, धरलेला हात सोडून.